गच्चीवरच्या बोर्डातला पिवळा फ्यूज : दुपारी मरतो, संध्याकाळी उठतो

खजिनदार | ११ मे, रात्री ९.४०

ठाण्यात वर्तकनगरला आमची सात मजली जुनी सोसायटी. मी तिचा खजिनदार. म्हणजे हिशेब माझ्याकडे आणि लिफ्ट, पंप, इंटरकॉम बिघडले की शिव्याही माझ्याकडेच. शिक्षण बी.कॉम., इलेक्ट्रॉनिक्सचा नाद शाळेपासून, ज्ञान मात्र यूट्यूबपुरतं.

गच्चीवर टाकीशेजारी पत्र्याच्या पेटीत पाण्याच्या पातळीचं कंट्रोलर बोर्ड आहे. टाकी रिकामी झाली की खालचा पंप चालू, भरली की बंद. चार वर्षं निमूट चाललं. गेले तीन आठवडे रोज दुपारी दोन-अडीचला ते झोपतं. हिरवा दिवा पूर्ण विझत नाही, देवघरातल्या तेल संपत आलेल्या समईसारखा मिणमिणतो. पंप लागत नाही आणि चार वाजता वरच्या मजल्यांवरून बोंब सुरू होते. वॉचमनने तेव्हाच स्विच बंद-चालू केला तर पाच-दहा मिनिटं चालतं, परत झोपतं. संध्याकाळी सातनंतर तेच केलं की दुसऱ्या दुपारपर्यंत काही तक्रार नाही.

बोर्ड उघडलं. अडॅप्टर १२ व्होल्ट १ अँपिअरचा आहे, बरोबर १२ देतोय. वीज बोर्डात शिरते तिथेच एक पिवळी टिकली आहे, शेजारी 'एफ१' छापलंय, टिकलीवर ०५०. मी कपॅसिटर समजलो होतो. स्टेशनजवळच्या दुकानदाराने फोटो बघून सांगितलं, हा रिसेटेबल फ्यूज आहे, गेला असेल, तार मारा आणि मोकळे व्हा. घरी येऊन मीटर लावला तर १.१ ओहम. म्हणजे तुटलेला नाही. मग गेला कसा? आणि गेलाच असेल तर संध्याकाळी परत कसा येतो?

हा प्रकार नक्की काय असतो आणि चांगला की वाईट हे घरच्या घरी कसं तपासायचं, कोणी सांगेल का?

कळव्याचा_बोका | ११ मे, रात्री ९.५२

दुपारी दोन ते सात झोप, मग काम. बोर्ड ठाण्याचं दिसत नाही, पुण्याचं आहे.

(पुणेकरांनो, दिवा घ्या, म्हणजे 'लाइट' घ्या.)

वायरमन७२ | ११ मे, रात्री १०.१०

दुकानदार बरोबर बोलला. टिकली काढा आणि १ अँपिअरची काचेची फ्यूज होल्डरसकट लावा. उडाली तर डोळ्यांना दिसते. ही असली 'आपोआप बरी होणारी' फ्यूज म्हणजे आपोआप फिटणारं कर्ज. चाळीस वर्षं वायरिंग केलंय, माझा विश्वास नाही.

सोल्डरसखी | ११ मे, रात्री ११.०५

काका, आधी त्या १.१ चं बघू. मीटरचे दोन्ही प्रोब एकमेकांना टेकवा, जो आकडा दिसेल तो वजा करा. साध्या मीटरच्या वायरीच ०.२-०.३ ओहम खातात. बोर्डातच मोजलंय म्हणजे वीज बंद होती ना, हेही सांगा.

मी रबाळ्याला एका कारखान्यात बोर्ड तपासण्याचं काम करते, या टिकल्या (पॉलीफ्यूज म्हणतात यांना) दिवसाला शेकड्यांनी हाताखालून जातात. यात तार नसते. पॉलिएथिलीनसारखं प्लॅस्टिक असतं आणि त्यात कालवलेली कार्बनची काजळी. थंड असताना प्लॅस्टिकच्या स्फटिकांमुळे काजळीला पसरायला जागा राहत नाही, कण एकमेकांना चिकटून साखळ्या होतात, त्यांतून करंट जातो. जास्त करंट गेला की टिकली स्वतःच्याच रोधामुळे तापते. साधारण १२५ अंशांजवळ स्फटिक वितळतात, माल फुगतो, साखळ्या तुटतात आणि रोध हजारो पटींनी चढतो. याला आम्ही 'ट्रिप झाला' म्हणतो. निवला की स्फटिक पुन्हा जमतात, साखळ्या पुन्हा जुळतात, पण अगदी पूर्वीइतक्या नाही.

०५० म्हणजे बहुधा ०.५ अँपिअर 'होल्ड'. सगळे इथेच फसतात. होल्ड म्हणजे एवढा करंट तो कायम वाहू देईल. 'ट्रिप' करंट वेगळा असतो, साधारण दुप्पट. बोर्न्स कंपनीच्या एमएफ-आर०५० चं उदाहरण घ्या : होल्ड ०.५, ट्रिप १.०, जास्तीत जास्त ६० व्होल्ट. नव्या मालाचा रोध ०.५ ते ०.७७ ओहम, आणि एकदा ट्रिप होऊन तासभर निवल्यावर तो १.१७ पर्यंत असू शकतो. तेव्हा तुमचं वजाबाकी केलेलं उत्तर ०.८ च्या आसपास आलं तर टिकली धडधाकट आहे, फक्त तिने दोन-चार उन्हाळे पाहिलेत.

आता महत्त्वाचं. हे ०.५ अँपिअर २३ अंश तापमानाचे आहेत. तुमच्या पत्र्याच्या पेटीत मे महिन्यात दुपारी दोनला किती अंश असतील?

कळव्याचा_बोका | ११ मे, रात्री ११.११

अंडं ठेवून बघा. उकडलं तर ६० च्या वर.

पुरणपोळी | १२ मे, सकाळी ७.३०

माझ्या मिक्सरच्या बुडाशी लाल बटण आहे. डाळ जास्त घातली की मिक्सर बंद पडतो, पाच मिनिटांनी बटण दाबलं की चालू. तोच का हा फ्यूज?

सोल्डरसखी | १२ मे, सकाळी ८.१५

@पुरणपोळी, नाही हो ताई, पण चुलत भाऊ म्हणायला हरकत नाही. मिक्सरमध्ये दोन धातूंची एकत्र जोडलेली पट्टी असते. तापली की वाकते, टक् करून संपर्क तुटतो आणि बटण बाहेर येतं. तिथे वीज खरोखर पूर्ण तुटते. या पिवळ्या टिकलीत काहीच तुटत नाही, रोध वाढतो आणि थोडा करंट झिरपतच राहतो. तोच झिरपणारा करंट तिला गरम ठेवतो, म्हणून वीज घालवून निवू दिल्याशिवाय ती सहसा परत येत नाही. खजिनदारकाकांच्या दिव्याचं मिणमिणणं त्या झिरपण्याचंच आहे.

अनुस्वार | १२ मे, सकाळी ९.००

शाळेच्या पुस्तकात फ्यूजला 'वितळतार' म्हणतात. याला काय म्हणायचं? पुनर्वितळतार?

जुनीवही | १२ मे, सकाळी ९.४०

@अनुस्वार, गंमत अशी की हा वितळतो खरा, फक्त तार नाही. तेव्हा तुमच्या शब्दातला अर्धा भाग शाबूत आहे.

जरा इतिहास. ही कल्पना बेल लॅब्समधल्या जेराल्ड पिअर्सनची. काजळी मिसळलेल्या प्लॅस्टिकसारख्या पदार्थाचा रोध तापल्यावर एकदम चढतो हे त्याने पाहिलं आणि १९३९ मध्ये पेटंटसाठी अर्ज केला. तेव्हा त्याचं कोणाला फारसं कौतुक नव्हतं. बाजारात हा माल खऱ्या अर्थाने आला तो पुढे काही दशकांनी, रेकेम कंपनीच्या 'पॉलीस्विच' या नावाने. हाच पिअर्सन १९५४ मध्ये सिलिकॉनचा सोलर सेल दाखवणाऱ्या तिघांतला एक. म्हणजे खजिनदारांच्या गच्चीवर उद्या सोलर पॅनेल लागले तर दोन्हीकडे एकाच माणसाचा हात.

ऐरोली_लोकल | १२ मे, सकाळी १०.२०

मी डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षाला आहे. आर्डुइनो उनोवरही (प्रोजेक्टसाठी वापरतात ते छोटं प्रोग्रॅम करायचं बोर्ड) असाच फ्यूज असतो, यूएसबीच्या तोंडाशी, चपटा हिरवट. सर म्हणाले ५०० मिलीअँपिअरला तोडतो. मी चार सर्व्हो मोटर एकदम चालवल्या, मीटरवर ७५० दिसत होते तरी तुटला नाही. फ्यूज डुप्लिकेट आहे का?

सोल्डरसखी | १२ मे, सकाळी १०.५५

डुप्लिकेट नाही. त्याचाही होल्ड ०.५ आणि ट्रिप १ अँपिअर. मधल्या पट्ट्यात, ५०० ते १००० मध्ये, तो काय करेल याची हमी कंपनी देत नाही. एसीमध्ये बसलेला टिकेल, तुझ्या वर्गात पंख्याखाली बसलेला पंधरा मिनिटांनी झोपेल. '५०० ला तोडतो' असं जो म्हणतो त्याने डेटाशीटची (कंपनीच्या माहितीपत्रकाची) पहिली ओळ वाचलेली असते, दुसरी नाही.

आणि तो चपटा १५ व्होल्टचा असतो. असल्या पिवळ्याच्या जागी २४ व्होल्टच्या बोर्डात कधी बसवू नकोस. ट्रिप झाल्यावर जवळजवळ सगळा व्होल्टेज फ्यूजच्याच अंगावर येतो, तेव्हा कमी व्होल्टचा माल जळतो. सिंगल फेजच्या २३० वर तर यातलं काहीच नको, त्याचे वेगळे येतात.

वायरमन७२ | १२ मे, दुपारी १२.०५

बघा. हमी नाही, मधला पट्टा, एसी, पंखा. काचेच्या फ्यूजला एसी लागत नाही.

सोल्डरसखी | १२ मे, दुपारी १२.३०

काचेचीही गरमीत थोडी आधी उडते हो, फक्त फरक इतका ठसठशीत नसतो. आणि गच्चीवर, कुलूपबंद पेटीत, रविवारी दुपारी काचेची उडाली तर सोमवारपर्यंत टाकी कोरडी. तिथे परत उठणारा फ्यूज कोणीतरी विचार करूनच लावलाय.

नेरूळ_फास्ट | १२ मे, दुपारी १.१५

'तार मारा' या सल्ल्याबद्दल एक अनुभव. नेरूळला आमच्या इमारतीत गेटच्या मोटरच्या बोर्डावर असाच फ्यूज होता. वारंवार झोपायचा. बाहेरून आलेल्या दुरुस्तीवाल्याने त्यावरूनच तारेचा तुकडा सोल्डर केला. आठ महिने सगळे खूश. मग पावसात गेटच्या खांबातली केबल ओली होऊन शॉर्ट झाली. तांब्याची पट्टी बोर्डावरून सालीसारखी उचकटून आली, अडॅप्टर गेला, बोर्ड गेलं. दहा-पंधरा रुपयांच्या टिकलीसाठी साडेचार हजारांचा भुर्दंड. खजिनदार असाल तर हे वाक्य मीटिंगच्या इतिवृत्तात लिहून ठेवा.

पण माझा मुद्दा दुसराच आहे. अडॅप्टर १ अँपिअरचा आणि फ्यूजचा ट्रिपही १ अँपिअर. बोर्डात शॉर्ट झाला तर कोण आधी हात वर करेल? बहुतेक अडॅप्टरच. तो आपला करंट आवरेल, बंद-चालू बंद-चालू करत बसेल आणि फ्यूजला पुरेसं तापायला वेळच मिळणार नाही. उद्या कोणी 'मोठा लावा' म्हणून १.१ चा लावला, ट्रिप २.२, तर १ अँपिअरच्या अडॅप्टरवर तो नुसता शोभेला राहील. फ्यूज बदलण्याआधी अडॅप्टर बघा.

कळव्याचा_बोका | १२ मे, दुपारी १.२१

म्हणजे वॉचमन झोपला तर चोर येईल, पण चोरच इतका अशक्त की गेटपर्यंत पोचत नाही.

खजिनदार | १२ मे, रात्री ८.३०

सगळ्यांचे आभार. प्रोब टेकवून ०.३ दिसले, म्हणजे टिकली ०.८. वीज बंद होती, ताई. सोल्डरसखी यांचा अंदाज तंतोतंत.

आज दुपारी १.५० ला गच्चीवर गेलो. डोक्याला टॉवेल, हातात मीटर, बायको म्हणाली ऊन लागलं तर मला सांगू नका. मीटरसोबत तापमानाची वायर आली होती, ती पेटीत सोडली. ६१ अंश! बाहेर सावलीत ३६ होतं.

आता तपासायचं कसं? टिकली काढून मोजू का?

सोल्डरसखी | १२ मे, रात्री ९.२५

काढू नका. काढताना सोल्डरिंगच्या उष्णतेनेच ती ट्रिप होईल, लगेच मोजलं तर भलताच आकडा येईल आणि तुम्ही चांगली टिकली कचऱ्यात टाकाल. काढलीच तर तासभर बाजूला ठेवून मग मोजा.

जागेवरच करा. बोर्ड चालू ठेवा, मीटर डीसी व्होल्टवर, एक प्रोब टिकलीच्या एका पायाला, दुसरा दुसऱ्या. करंट मोजायला काही तोडावं लागत नाही. सकाळी, थंड असताना किती मिलीव्होल्ट दिसतात ते लिहा. ०.८ ने भागलं की करंट मिळेल. मग दुपारी झोपलेलं असताना परत तेच. चांगल्या, जाग्या फ्यूजवर व्होल्टचा पाव-अर्धा हिस्सा दिसतो. ट्रिप झालेल्यावर कित्येक व्होल्ट दिसतात. झोपलेलं असताना बोट लावू नका, सव्वाशे अंशांपर्यंत असतो, फोड येतो. मला आलाय.

तुम्हाला हिशेब आवडतो म्हणून सांगते. त्या एमएफ-आर०५० च्या तक्त्यात ६० अंशांना होल्ड जेमतेम ०.३ च्या वर राहतो. म्हणजे ०.५ ची टिकली तुमच्या पेटीत दुपारी ०.३ ची होते. तुमचा बोर्ड किती घेतो, हा खरा प्रश्न.

ऐरोली_लोकल | १२ मे, रात्री ९.५०

सुटी टिकली तपासायची असेल तर? मी लॅमिंग्टन रोडवरून दहा आणल्यात, निम्म्यांवर छापलेलं पुसलंय.

सोल्डरसखी | १२ मे, रात्री १०.२०

आधी ती फ्यूजच आहे का ते बघ. पिवळ्या-केशरी टिकल्या बऱ्याच असतात. सिरॅमिक कपॅसिटर ओहमवर उघडा, म्हणजे तार तुटल्यासारखा दिसेल, निळा व्हेरिस्टरही (जादा व्होल्टेज अडवणारा) उघडा. चालू होतानाचा झटका आवरणारा थर्मिस्टर पाच-दहा ओहम दाखवेल आणि हेअर ड्रायरने तापवला की आकडा खाली जाईल. आपली टिकली एखाद-दुसऱ्या ओहमच्या आत असते आणि ड्रायर मारला की वर जाते. ड्रायर पुरेसा कडक असेल तर ०.८ चे दीड-दोन होताना दिसतील. ही सगळ्यात सोपी ओळख.

मग खरी परीक्षा. बाइकच्या इंडिकेटरचा १२ व्होल्ट २१ वॅटचा बल्ब घे, तो पेटल्यावर पावणेदोन अँपिअर खातो. १२ व्होल्टची बॅटरी, बल्ब आणि टिकली एका मागे एक. ०.५ ची असेल तर बल्ब आधी नीट पेटेल, काही सेकंदांनी मंदावेल आणि विझेल. तेव्हा टिकलीवर जवळजवळ पूर्ण १२ व्होल्ट दिसतील. बॅटरी काढ, निवू दे, परत ओहम मोज. विझला नाही तर टिकली मोठ्या करंटची आहे. पहिल्यापासून पेटलाच नाही तर मेलेली आहे.

ऐरोली_लोकल | १३ मे, सकाळी ७.४५

केलं. बल्ब नुसता लुकलुकतोय, रोषणाईसारखा. फ्यूज ट्रिप होतोय आणि परत येतोय का?

नेरूळ_फास्ट | १३ मे, सकाळी ८.०५

अडॅप्टरवर लावलास ना? १ अँपिअरच्या? कालच लिहिलं होतं.

ऐरोली_लोकल | १३ मे, सकाळी ८.०७

हो. बाबांच्या बाइकची बॅटरी मागतो.

कळव्याचा_बोका | १३ मे, सकाळी ८.१०

मागून घे. काढून घेऊ नकोस. यातला फरक मला माझ्या बाबांनी समजावला होता.

सोल्डरसखी | १३ मे, सकाळी ८.४०

बॅटरीबरोबर एक नेहमीचा फ्यूजही लाव, तीन-पाच अँपिअरचा. वायर चुकून शॉर्ट झाली तर बॅटरी वायरच वितळवेल. वायरमनकाका, हे वाचून खूश व्हा.

वायरमन७२ | १३ मे, सकाळी ९.०२

झालो.

गजर_बंद | १३ मे, सकाळी ११.३०

अवांतर. आमच्या मंडळाचे जुने स्पीकर आहेत. मिरवणुकीत आवाज वाढवला की वरचा 'चिस्स' निघून जातो, झांजा ऐकू येत नाहीत, नुसता ढोल. दहा मिनिटं हळू वाजवलं की झांजा परत. दरवर्षी आम्ही गर्दीमुळे असेल म्हणतो. हा धागा वाचून शंका आली.

जुनीवही | १३ मे, दुपारी १२.१०

शंका रास्त आहे. बऱ्याच स्पीकरमध्ये ट्वीटर (बारीक, उंच आवाजाचा छोटा स्पीकर) जळू नये म्हणून त्याच्या वाटेत अशीच टिकली असते. आवाज चढला की ती ट्रिप होते आणि झांजा गप्प. ती काढून तार मारू नका, नाहीतर विसर्जनाच्या आधी ट्वीटरचं विसर्जन होईल.

खजिनदार | १३ मे, रात्री ९.१५

आता ऐका. सकाळी साडेसातला टिकलीवर ०.२५७ व्होल्ट. भागिले ०.८ म्हणजे ०.३२ अँपिअर. दुपारी २.२० ला बोर्ड झोपलं तेव्हा टिकलीवर ८.२ व्होल्ट आणि बोर्डाला उरले ३.८. बेरीज १२. बी.कॉम.चं सार्थक झालं.

म्हणजे ०.३ च्या टिकलीतून ०.३२ मागतोय, बरोबर? मग पुढचा मोठा, ०.७५ चा लावू?

नेरूळ_फास्ट | १३ मे, रात्री ९.४०

थांबा. पाणी बघणारं बोर्ड ०.३२ कशाला खाईल? दोन रिले (पंप चालू-बंद करणारे विजेवरचे स्विच) असतील तर एकेकाचे तीसेक मिलीअँपिअर, दिवे-बिवे धरून शंभराच्या आत यायला हवं. बाकीचं कोण खातंय? आणि चार वर्षं चाललं, मग याच उन्हाळ्यात का?

सोल्डरसखी | १३ मे, रात्री ९.४८

हेच लिहायला आले होते. काका, बोर्डातून बाहेर जाणाऱ्या सगळ्या वायरी मोजा. एकेक सोडवून टिकलीवरचे मिलीव्होल्ट बघा.

खजिनदार | १४ मे, सकाळी ८.२०

सापडलं. आणि लाज वाटतेय.

गेल्या दिवाळीत गच्चीवर कॅमेरा लावला. कारण असं की आदल्या उन्हाळ्यात वाळवणं गायब होत होती. कुरडया, साबुदाण्याच्या पापड्या, एकदा तर आख्खी बेडशीटसकट सांडगी मिरची. कोणी म्हणे येऊरची माकडं, कोणी म्हणे पाचवा मजला. कॅमेरावाल्याने टाकीपर्यंत वेगळी वायर ओढायचे पैसे सांगितले, कमिटीने घासाघीस केली, त्याने आमच्याच बोर्डातल्या १२ व्होल्टमधून कॅमेऱ्याला वीज काढून दिली. टिकलीच्या पुढून. एक अडॅप्टर वाचवला म्हणून मीच मीटिंगमध्ये टाळ्या घेतल्या होत्या.

कॅमेऱ्याची वायर काढली की टिकलीवर ०.०७ व्होल्ट, म्हणजे बोर्ड ०.०९ अँपिअर. बाकीचे ०.२३ कॅमेऱ्याचे. आणि दुपारी बोर्ड झोपायचं तेव्हा कॅमेराही झोपायचा. तीन आठवडे कोणाच्या लक्षात आलं नाही, कारण चोरी झाल्याशिवाय कॅमेरा बघतो कोण?

एक शंका. कॅमेरा रात्री अंधारात बघायला आपले लाल दिवे लावतो, तेव्हा तर जास्त घेत असेल. मग रात्री का झोपत नव्हतं?

सोल्डरसखी | १४ मे, सकाळी ९.१०

रात्री पेटीत किती अंश असतात? तीस धरा. तिथे टिकली ०.४५ च्या आसपास सांभाळते. कॅमेरा रात्री शंभरेक मिलीअँपिअर जास्त घेत असला तरी बेरीज ०.४२. काठावर, पण चालतं. दिवाळीपासून थंडी होती, म्हणून कोणाला कळलं नाही. एप्रिलच्या उन्हात पेटी तापली आणि दुपारचे ०.३२ सुद्धा जड झाले.

कॅमेऱ्याची अजून एक खोड. व्होल्टेज उतरला की तो कमी न घेता उलट जास्त करंट ओढतो, आतला कन्व्हर्टर (व्होल्टेज बदलणारं सर्किट) आपली ताकद पुरी करायला बघतो. टिकली तापून रोध वाढला, व्होल्टेज घसरला, कॅमेऱ्याने आणखी ओढलं, टिकली आणखी तापली. घसरगुंडीच ती.

०.७५ चा लावू नका. कॅमेऱ्याला स्वतःचा अडॅप्टर आणि स्वतःचा फ्यूज द्या. ही टिकली आहे तिथेच राहू दे, तिचा दोष नाही. पेटीवर एखादा पत्रा, दोन इंच वर उचलून, सावलीसाठी. टिकलीवर ग्लू गन, सिलिकॉन असलं काही पावसासाठी म्हणून ओतू नका. तिला फुगायला जागा लागते, जखडली तर ट्रिप नीट होत नाही.

वायरमन७२ | १४ मे, सकाळी ९.३५

कॅमेरावाल्याने एक वायर वाचवली, तुम्ही एक अडॅप्टर वाचवला. आमच्या काळी याला 'लोंबकळतं कनेक्शन' म्हणायचो.

पण तार मारली असती तर हे कधी सापडलं नसतं, हे मान्य.

कळव्याचा_बोका | १४ मे, सकाळी ९.४१

नोंद घ्या, वायरमनकाकांनी १४ मे रोजी सकाळी ९.३५ ला काहीतरी मान्य केलं. वाखू (वाचनखूण) साठवली.

अनुस्वार | १४ मे, सकाळी ११.००

'तापसंकोची' कसा वाटतो? ताप आला की संकोचतो.

जुनीवही | १४ मे, सकाळी ११.२०

तापल्यावर तो फुगतो हो. संकोच उलट्या दिशेला आहे.

अनुस्वार | १४ मे, सकाळी ११.२२

मग पॉलीफ्यूजच राहू दे.

ऐरोली_लोकल | १५ मे, संध्याकाळी ६.१०

बाबांच्या बॅटरीवर केलं (मागून). पहिली टिकली नऊ सेकंदांत विझली, काढल्यावर लगेच मोजली तर ३ ओहम, तासाने १.० वर आली. दहापैकी सात तशाच. दोघींवर बल्ब विझलाच नाही, त्या मोठ्या असाव्यात. एक निघाली कपॅसिटर.

खजिनदार | १८ मे, दुपारी ३.२०

कॅमेऱ्याला वेगळा २ अँपिअरचा अडॅप्टर दिला, पेटीवर जुन्या साइनबोर्डचा पत्रा उचलून बसवला. पावती फाईलला लावली. आत्ता गच्चीवरच आहे. पेटीत ५४ अंश, टिकलीवर ०.१ व्होल्ट, हिरवा दिवा खणखणीत. चार दिवस बोंब नाही.

कॅमेऱ्याने काल दुपारी पहिल्यांदा काहीतरी टिपलं. २.४० ला माकडीण, पोटाला पिल्लू, शांतपणे बसून सातव्या मजल्याच्या कुरडया खातेय. पाचव्या मजल्याची माफी मागायचा ठराव पुढच्या मीटिंगमध्ये मांडतोय.

हौसेपोटी ०.५ च्या पाच टिकल्या आणून ठेवल्यात. लागल्या तर लागल्या.

वायरमन७२ | १८ मे, दुपारी ४.०५

त्यातल्या दोन माझ्यासाठी ठेवा. मंगळवारी वर्तकनगरला काम आहे. बाइकचा बल्ब माझ्याकडे आहे, बघू विझतो का.